खाली घासणारी गाडी : कोल्हापुरातील एका लहान हॅचबॅकच्या ग्राउंड क्लिअरन्सचे प्रकरण

पार्श्वभूमी

हे प्रकरण कोल्हापुरात राहणाऱ्या एका शिक्षक दांपत्याचे आहे. ओळख पटू नये म्हणून गाडीचे मॉडेल, गावाचे नाव आणि गॅरेजचा तपशील वगळला आहे. मापे मात्र घेतली तशीच दिली आहेत. घरात पाच माणसे : पती-पत्नी, दोन वाढत्या वयाची मुले आणि गुडघेदुखीमुळे बसने प्रवास करू न शकणारी आई. गाडी आठ वर्षांची, लहान पेट्रोल इंजिनाची, १५५/७० आर १३ मापाच्या टायरांची साधी हॅचबॅक. माहितीपत्रकात तिचा ग्राउंड क्लिअरन्स, म्हणजे गाडीचा सर्वांत खालचा भाग आणि जमीन यांमधली मोकळी जागा, १७० मिमी दिलेला होता.

आठवड्यातले पाच दिवस ही गाडी शहरातच फिरत असे आणि तेव्हा तिच्यात एक किंवा दोन माणसे असत. शनिवारी-रविवारी मात्र सगळे कुटुंब राधानगरी तालुक्यातल्या गावी जाई. गावापर्यंत डांबरी रस्ता आहे, पण घर शेतातल्या वस्तीवर असल्याने शेवटचा टप्पा पाणंदीचा. ऊस गाळपाच्या हंगामात त्या पाणंदीतून भरलेल्या ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर सतत जातात, चाकोऱ्या खोल होत जातात आणि मधला मातीचा उंचवटा घट्ट होऊन बसतो. परतताना डिकीत तांदळाचे किंवा भुईमुगाच्या शेंगांचे पोते असे. गाडीवर पडणाऱ्या भाराचा विचार करताना हे पोते विसरून चालत नाही.

अडचण

गाडी खाली घासण्याची तक्रार जुनीच होती, पण एका हंगामात पाणंदीतून बाहेर पडल्यावर इंजिनाखाली तेलाचे थेंब दिसू लागले, तेव्हा ती गंभीर झाली. इंजिनाखालचे तेलाचे भांडे, म्हणजे चेंबर, एका बाजूने आत दबले होते आणि त्याच्या जोडावरून तेल पाझरत होते. चेंबरला पडलेला पोचा केवळ दिसायला वाईट एवढ्यावर थांबत नाही. पंप ज्या जाळीतून तेल वर खेचतो ती जाळी चेंबरच्या तळापासून अगदी थोड्या अंतरावर असते. तळ वर दबला की ते अंतर कमी होते, तेलाचा पुरवठा तुटक होतो आणि चढावर भरल्या गाडीत तेलदाबाचा दिवा लागल्यावरच चालकाला ते कळते. तोपर्यंत बेअरिंगांची झीज सुरू झालेली असते.

याशिवाय शहरातही गाडी घासत होती. त्यांच्या वसाहतीच्या तोंडाशी रहिवाशांनीच रस्त्याच्या कामातून उरलेल्या डांबरात एक गतिरोधक घालून घेतला होता, अरुंद आणि उभ्या कडांचा. पाच माणसे बसली की त्यावरून जाताना पोटाखालून खरखर ऐकू येई.

घरातल्या चर्चेत या दोन्ही गोष्टी एकच तक्रार म्हणून मांडल्या जात होत्या : गाडी बसकी आहे, ती उचलून घ्यायला हवी. एका गॅरेजमध्ये चारही बाजूंना ३० मिमीचे स्पेसर, म्हणजे गाडी उचलण्यासाठी सस्पेन्शनमध्ये घालायचे जाड तुकडे, बसवून देण्याची तयारी दाखवण्यात आली, तर एका अ‍ॅक्सेसरीच्या दुकानात स्प्रिंगमध्ये बसवायचे बफर सुचवण्यात आले. नात्यातल्या एकाने मोठे टायर घालण्याचा सल्ला दिला. तिघांचेही अनुभव खरे असतील, पण गाडीचा नेमका कोणता भाग लागतो हे तिघांपैकी कोणीच विचारले नव्हते.

पहिला निर्णय : आधी नोंद, मग खर्च

माझ्या मते या प्रकरणातला सर्वांत महत्त्वाचा निर्णय गणित शिकवणाऱ्या शिक्षिकेने घेतला. पैसे खर्च करण्याआधी गाडी जिथे जिथे घासेल तिथे तिची नोंद ठेवायची, असे त्यांनी ठरवले. जागा कोणती, गाडीत माणसे किती, डिकीत काय, आवाज पुढून आला की मधून, एवढ्याच चार बाबी. काही आठवड्यांत चित्र स्पष्ट झाले. एकटा चालक असताना शहरात गाडी कुठेही घासत नव्हती. वसाहतीच्या गतिरोधकावर आवाज नेहमी मधून, मागच्या आसनाखालून येत होता आणि तोही पाच माणसे असतानाच. पाणंदीत मात्र माणसे कितीही असोत, आवाज पुढूनच येत होता.

म्हणजे तक्रारी दोन होत्या आणि त्यांची कारणेही वेगळी असण्याची शक्यता होती. या टप्प्यावर त्यांनी मला बोलावले आणि उद्यमनगरातल्या एका ओळखीच्या गॅरेजमध्ये सपाट फरशीवर आम्ही मापे घेतली.

मोजमाप

माहितीपत्रकातला आकडा रिकाम्या गाडीचा असतो, ही गोष्ट बहुतेक खरेदीदारांना उशिरा कळते. मोठ्या उपयुक्तता वाहनांवरील कराच्या संदर्भात जुलै २०२३ मध्ये जीएसटी परिषदेने १७० मिमी ग्राउंड क्लिअरन्सचा निकष स्पष्ट केला, तोही भार नसलेल्या गाडीसाठीच होता. घासणारी गाडी मात्र जवळजवळ नेहमीच भरलेली असते. त्यामुळे आम्ही प्रत्येक माप दोनदा घेतले, एकदा गाडी रिकामी असताना आणि एकदा पाचही जण आपापल्या नेहमीच्या जागी बसलेले असताना.

चेंबरखाली रिकाम्या गाडीत १५४ मिमी आणि भरल्या गाडीत १४० मिमी जागा भरली. सायलेन्सरच्या मधल्या डब्याखाली हेच आकडे १४० आणि ११२ मिमी होते. भरल्या गाडीचा सर्वांत खालचा भाग चेंबर नसून सायलेन्सर आहे, हे इथे प्रथमच समोर आले. वसाहतीचा गतिरोधक मोजला तर मध्यावर १४० मिमी उंच निघाला. ११२ मिमीची गाडी त्यावरून न घासता जाणे शक्यच नव्हते.

पुढचा प्रश्न असा की, रिकाम्या गाडीत सायलेन्सरखाली १७० मिमीचे १४० झाले कसे. टायरचे नक्षे झिजून २ मिमीच्या आसपास आले होते. नव्या टायरची नक्षी साधारण ७ ते ८ मिमी खोल असते, म्हणून एवढ्यानेच गाडी सुमारे ५ मिमी खाली आली होती. हवा शिफारशीपेक्षा बरीच कमी होती, तिचे ३ मिमी. चाकाच्या मध्यापासून वरच्या पत्र्याच्या कडेपर्यंतचे अंतर त्याच मॉडेलच्या कमी चाललेल्या गाडीशी ताडून पाहिले, तेव्हा मागच्या स्प्रिंगा १८ मिमी बसलेल्या आढळल्या. सायलेन्सरचा डबा पुढच्या आणि मागच्या चाकांच्या मध्ये असल्याने तिथे त्याचा परिणाम १२ मिमी होता. राहिलेले १० मिमी एका अगदी साध्या भागाने खाल्ले होते : सायलेन्सर ज्या रबरी कड्यांवर टांगलेला असतो त्या कड्या ताणून लांबल्या होत्या आणि त्यांपैकी एकीला चीर गेली होती.

मिस्त्रींनी हात पुसत सांगितले, “गाडी उचलायला काय, अर्ध्या दिवसाचं काम हाय. पण जे खाली आलंय ते आधी जाग्यावर जाऊ दे की.” पुढची सगळी दिशा या वाक्याने ठरली.

गतिरोधकाचा आकार

इथे एक तांत्रिक मुद्दा सविस्तर मांडणे आवश्यक आहे, कारण ग्राउंड क्लिअरन्सविषयीच्या चर्चेत तो फारसा येत नाही. इंडियन रोड्स काँग्रेसच्या १९८८ च्या आयआरसी ९९ या मार्गदर्शिकेत सर्वसाधारण वाहतुकीसाठी सुचवलेला गतिरोधक ३.७ मीटर रुंद, १० सेंटिमीटर उंच आणि १७ मीटर त्रिज्येच्या गोलाईचा आहे. ताशी २५ किलोमीटर वेगाने तो ओलांडता यावा अशी अपेक्षा आहे. या गाडीच्या पुढच्या आणि मागच्या चाकांमधले अंतर सुमारे २.४ मीटर. म्हणजे गाडी अशा गतिरोधकाच्या बरोबर मधोमध असते तेव्हा तिची चारही चाके गोलाईवरच असतात आणि चाकांच्या पातळीपेक्षा मधला भाग जेमतेम ४२ मिमी वर येतो. ११२ मिमी उरलेली गाडीसुद्धा तिथे सहज निघून जाते.

याउलट अर्धा-पाऊण मीटर रुंदीच्या गतिरोधकावर पुढची चाके पलीकडच्या सपाट रस्त्यावर उतरतात, मागची अजून अलीकडेच असतात आणि संपूर्ण १४० मिमीचा उंचवटा गाडीच्या पोटाखाली येतो. शिवाय पुढची चाके उतरताना गाडी दबते, त्यामुळे वेग असेल तर उभ्या गाडीवर मोजलेली जागा आणखी कमी होते. गाडी तिरकी घेतली तर चारही चाके एकाच वेळी सपाटीवर असण्याचा काळ कमी होतो आणि थोडा फायदा मिळतो, पण समोरून दुचाक्या येत असलेल्या अरुंद बोळात तसे करणे सुरक्षित नाही. दोष गाडीचा किती आणि उंचवट्याच्या आकाराचा किती, याचा हिशेब मांडल्याशिवाय गाडीवर खर्च करणे मला पटत नाही.

विचारात घेतलेले पर्याय

३० मिमीच्या स्पेसरचा पर्याय सर्वांत आकर्षक होता, कारण त्यात मोठा आकडा लगेच मिळत होता. तो नाकारण्याची कारणे तांत्रिक होती. स्पेसर स्ट्रटच्या, म्हणजे पुढच्या चाकावरच्या स्प्रिंग आणि शॉकअपच्या जोडीच्या, वर बसवला तर संपूर्ण स्ट्रट गाडीच्या बॉडीपासून तेवढा खाली सरकतो. चाक खड्ड्यात लोंबते तेव्हा ड्राइव्ह शाफ्टचे (चाकाला ताकद पोहोचवणाऱ्या दांड्याचे) सांधे आणि लोअर आर्मचा (चाकाला खालून धरणाऱ्या भागाचा) बॉल जॉइंट मूळ आखणीपेक्षा जास्त कोनात जातात. स्प्रिंगच्या बैठकीखाली बसवला तर शॉकअप आधीच जास्त उघडलेला राहतो आणि चाकाला खाली जायला उरणारा प्रवास कमी होतो. चाकांचे कोन बदलतात, टायर एका कडेने झिजतात आणि गुरुत्वमध्य वर गेल्याने घाटाच्या वळणावर गाडी जास्त कलते. मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ५२ नुसार उत्पादकाने मूळ ठरवलेल्या आणि नोंदणी प्रमाणपत्रात असलेल्या तपशिलांशी विसंगत ठरेल असा बदल करता येत नाही, आणि जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही या तरतुदीचा अर्थ काटेकोरपणे लावला. सस्पेन्शनमधला असा बदल अपघातानंतर विमा कंपनीशी वादाचे कारण ठरू शकतो, हा धोका पत्करण्याची दांपत्याची तयारी नव्हती.

स्प्रिंगच्या वेटोळ्यांमध्ये अडकवायचे बफर स्वस्त होते. ते बसवले की ती वेटोळी दबत नाहीत, त्यामुळे भाराखाली गाडी कमी बसते. पण उरलेल्या वेटोळ्यांवर ताण वाढतो आणि गाडी कडक होते. मागच्या आसनावर गुडघेदुखी असलेल्या आई बसणार होत्या. शिवाय बसलेल्या जुन्या स्प्रिंगेत बफर घालणे म्हणजे संपत आलेल्या भागाला टेकू देणे झाले असते.

टायरांवर मात्र घरात खरोखर मतभेद झाला. टायर बदलायलाच हवे होते, कारण नक्षी १.६ मिमी या कायदेशीर किमान मर्यादेजवळ पोहोचली होती. शिक्षकांना १५५/८० आर १३ हवे होते (पहिला आकडा टायरची रुंदी मिमीमध्ये, दुसरा बाजूची उंची रुंदीच्या टक्क्यांत, तिसरा रिमचा व्यास इंचांत). मूळ टायरचा व्यास ५४७ मिमी आणि याचा ५७८. व्यास ३१ मिमी वाढला की गाडी त्याच्या निम्मी, म्हणजे साडेपंधरा मिमी वर जाते. पण ही वाढ ५.७ टक्क्यांची आहे. वेगदर्शक ६० दाखवेल तेव्हा चाकांचा वेग ६३ च्या पुढे असेल. त्याहून महत्त्वाचे म्हणजे प्रत्येक गिअर तेवढाच लांब होतो, आणि लहान इंजिनाची भरलेली गाडी फोंडा घाटात किंवा गगनबावड्याकडे करूळ घाटात पहिल्या गिअरवर उभ्या चढाला सुटताना त्याचा भार क्लचवर पडतो. स्टिअरिंग पूर्ण वळवल्यावर टायर आतल्या प्लास्टिकला लागण्याचीही शक्यता होती.

मूळ मापाचेच टायर घ्यावेत असे माझे मत होते. शेवटी १४५/८० आर १३ वर एकमत झाले. त्याचा व्यास ५६२ मिमी, म्हणजे उंचीत साडेसात मिमी लाभ आणि व्यासातली वाढ २.७ टक्के, जी सर्वसाधारणपणे पाळल्या जाणाऱ्या तीन टक्क्यांच्या आत बसते. ते मूळ रिमवर बसते आणि भार निर्देशांक ७५ असलेले, म्हणजे प्रत्येक टायरवर ३८७ किलो पेलणारे, मूळ टायरइतक्याच क्षमतेचे मिळाले. रुंदी १० मिमीने घटते ही त्याची किंमत. पावसाळ्यात ओल्या डांबरावर ब्रेक लावताना मला हा मुद्दा गौण वाटत नाही.

गाडी विकून जास्त उंचीची गाडी घेण्याचाही विचार झाला. रेनो क्विडसारख्या लहान गाडीचा जाहीर ग्राउंड क्लिअरन्स १८४ मिमी आहे. पण घराच्या कर्जाचे हप्ते चालू असल्याने हा पर्याय लगेच बाजूला पडला.

प्रत्यक्ष केलेली कामे

सर्वप्रथम सायलेन्सरच्या सर्व रबरी कड्या बदलल्या. संपूर्ण कामातला हा सर्वांत स्वस्त भाग होता आणि त्याने १० मिमी परत मिळवून दिले. त्यानंतर मागच्या दोन्ही स्प्रिंगा कंपनीच्या मूळ क्रमांकाच्या, जोडीने बदलल्या. एकच बदलली असती तर गाडी एका बाजूला कलली असती. पुढच्या स्प्रिंगा अंदाजे ८ मिमी बसल्या होत्या, पण स्ट्रटमधून तेल गळत नव्हते, म्हणून ते काम पुढे ढकलले.

चेंबर ठोकून सरळ करावे की नवे घ्यावे, हा पुढचा प्रश्न होता. ठोकण्याने पत्रा ताणला जातो, जोडाची कड सपाट राहत नाही आणि गळती पुन्हा सुरू होते. चेंबर उतरवल्यावर जाळी तपासता आली, ती सुदैवाने वाकलेली नव्हती. नवे चेंबर, नवे सीलंट आणि नवे तेल असे काम केले.

त्यानंतर टायर, पुढच्या चाकांचे अलाइनमेंट आणि हेडलाइटची पातळी. मागचा भाग वर आला की दिव्यांचा झोत खाली पडतो, ही गोष्ट गॅरेजमध्ये अनेकदा राहून जाते. रात्री उसाच्या ट्रॉल्यांमागून गाडी चालवणाऱ्याला तिचे महत्त्व वेगळे सांगावे लागत नाही.

चेंबरखाली लोखंडी गार्ड बसवण्याचा निर्णय सर्वांत शेवटी झाला. पाणंदीतला मधला उंचवटा आम्ही मोजला होता. चाकोरीच्या तळापासून तो काही ठिकाणी १८० मिमीपर्यंत होता. कोणताही सुज्ञ बदल करून ही गाडी त्यावरून मोकळी जाणार नव्हती. गार्डमुळे पुढची जागा १० मिमीने कमी होणार होती, म्हणजे ज्या आकड्यासाठी एवढी धडपड चालली होती तोच खाली येणार होता. तरीही तो बसवावा असे मी आग्रहाने सांगितले, कारण तिथे टक्कर टळणार नसेल तर ती पातळ पत्र्याच्या चेंबरवर न बसता चौकटीला बोल्ट केलेल्या जाड पत्र्यावर बसणे चांगले. तेल बदलण्यासाठी आणि साचलेला चिखल धुण्यासाठी भोके असलेला गार्ड निवडला.

परिणाम

पाच माणसे बसलेली असताना सायलेन्सरखालची जागा ११२ वरून १४९ मिमी झाली. वसाहतीच्या १४० मिमीच्या गतिरोधकावरून गाडी आता सावकाश घेतल्यास न घासता जाते. घाईत नेली तर अजूनही टेकते, कारण मोकळी जागा ९ मिमीच आहे. मिळालेल्या ३७ मिमीपैकी टायरचे माप बदलल्यामुळे सुमारे ७ मिमी आले. उरलेले ३० मिमी त्या गाडीत आठ वर्षांपूर्वी होतेच.

चेंबरखाली भरल्या गाडीत १४० चे १५५ झाले आणि गार्ड बसल्यावर १४५ राहिले. आकडा फारसा हलला नाही, पण पुढचा संपूर्ण हंगाम तेलाचा एकही थेंब न गळता गेला. गार्डवर ओरखडे आहेत आणि एक कोपरा किंचित वाकला आहे.

पाणंदीबाबत दोन गोष्टी बदलल्या. ट्रॅक्टर-ट्रॉलीच्या चाकांमधले अंतर लहान मोटारीपेक्षा सहसा जास्त असते, त्यामुळे गाडीची दोन्ही चाके चाकोरीत धड बसतही नाहीत. आता एका बाजूची चाके उंचवट्यावर आणि दुसऱ्या बाजूची चाकोरीच्या बाहेरच्या कडेवर ठेवून ती नेली जाते. पाऊस पडल्यावर हे जमत नाही, कारण ओली माती चाकाला खाली ओढते. दुसरे म्हणजे वस्तीवरच्या तीन घरांनी वर्गणी काढून सर्वांत वाईट पट्ट्यात मुरूम टाकून घेतला. शिक्षकांच्या हिश्श्याला आलेली रक्कम नव्या स्प्रिंगांच्या जोडीपेक्षा कमी होती.

आईंना मागच्या आसनावर बसणे-उठणे थोडे सोपे झाले, कारण मागचा भाग सुमारे ३० मिमी वर आला आहे. हा लाभ कोणीच हिशेबात धरला नव्हता.

वेगळे काय करता आले असते

टायर सर्वांत शेवटी ठरवायला हवे होते. रबरी कड्या, स्प्रिंगा आणि योग्य हवा एवढे झाल्यावर पुन्हा मोजमाप केले असते, तर मूळ मापाचे नवे टायर घालूनही भरल्या गाडीत सुमारे १४२ मिमी मिळाले असते, हे तेव्हाच दिसले असते. ते गतिरोधकाच्या उंचीला अगदी घासून आहे, त्यामुळे दांपत्याचा कल कदाचित तोच राहिला असता; पण अरुंद टायरच्या बदल्यात नेमके काय मिळते हे समोर ठेवून निर्णय झाला असता. शिवाय दारावरच्या पट्टीवरचा हवेचा दाब मूळ टायरांसाठी आहे. नव्या मापासाठी तो टायर उत्पादकाच्या भार-तक्त्यावरून ठरवून घ्यावा लागतो, आणि ते काम टायर बसवल्यानंतर बऱ्याच दिवसांनी झाले.

मुरुमाचे काम गार्डच्या आधी व्हायला हवे होते. रस्त्यावर खर्च करणे म्हणजे दुसऱ्यासाठी खर्च करणे, अशी भावना असते आणि म्हणून तो विचार मागे पडतो. इथे तीनही घरांच्या वाहनांचे नुकसान त्याच पट्ट्यात होत होते. पोती एकदम न आणता दोन खेपांत आणणे, जड सामान डिकीच्या टोकाला न ठेवता मागच्या आसनाच्या पाठीशी टेकवून ठेवणे, या गोष्टींना तर पैसाही लागत नाही.

पुढच्या स्प्रिंगा आणि स्ट्रटचे माउंटिंग पुढील वर्षी बदलायचे ठरले आहे. त्याआधी गाडी पुन्हा त्याच फरशीवर, त्याच पाच माणसांसह मोजली जाईल; सायलेन्सरखालचा आकडा १४५ च्या खाली आलेला आढळला, तर रबरी कड्यांपासून तपासणी सुरू होईल.